जॉन्सन पडले, पण गुवाहाटीला कुणी गेलं नाही

पक्षफुटीवर गावाकडे वाद निघाला की एक वाक्य ठरलेलं असतं: ‘तुमच्या इंग्लंडातही बोरिस जॉन्सनला त्याच्याच खासदारांनी खाली खेचलं, मग शिंदे आणि त्यांच्या आमदारांनी वेगळं काय केलं?’ काळ जुळतो हे खरं. उद्धव ठाकरेंनी 29 जून 2022 ला राजीनामा दिला, जॉन्सननी 7 जुलैला. पण तारखा जवळ आल्या म्हणून गोष्ट एक होत नाही, आणि हे ऐकलं की डोकं फिरतं.

जॉन्सनना पाडायची वाट आधीपासून आखलेली होती. त्यांच्या हुजूर (कॉन्झर्व्हेटिव्ह) पक्षाच्या 15 टक्के खासदारांनी 1922 समितीच्या, म्हणजे पक्षाच्या मंत्री नसलेल्या खासदारांच्या समितीच्या, अध्यक्षांना अविश्वासाची पत्रं द्यायची. तेव्हा खासदार 359, म्हणजे 54 पत्रं. कुणी दिली, किती दिली, हे फक्त अध्यक्ष ग्रॅहम ब्रेडींना ठाऊक. मग गुप्त मतदान. 6 जूनला जॉन्सन 211 विरुद्ध 148 असे जिंकले आणि नियमाने त्यांना वर्षभर अभय मिळालं. तरी महिन्याभरात गेले, कारण 5 जुलैला साजिद जाविद आणि ऋषी सुनक यांनी मंत्रिपदं सोडली आणि पाठोपाठ राजीनाम्यांची रांग लागली. खाती सांभाळायला माणसं उरेनात. खरा घाव तो. बंडखोर रोज वेस्टमिन्स्टरमध्येच, म्हणजे संसदेतच, बसत होते, हॉटेलात नाही. पक्षाचं नाव आणि चिन्ह कुणाचं, हा प्रश्नही उठला नाही.

‘तिकडे तर पक्षांतरबंदी कायदाच नाही,’ असंही सुनावतात. नाहीच. 19 जानेवारी 2022 ला बरी साउथचे ख्रिश्चन वेकफर्ड समोरच्या बाकांवर, मजूर पक्षात जाऊन बसले, खासदारकी शाबूत. मतदारांना न विचारता केलेलं हे मला आजही खटकतं. पण सप्टेंबर 2019 मध्ये ब्रेक्झिटवर विरोधात मत दिलं म्हणून जॉन्सननी 21 जणांना संसदीय पक्षातून काढलं, तेव्हा त्यांचीही खासदारकी टिकली. आपल्याकडे व्हिप मोडला की आमदारकीवरच गदा. एक-तृतीयांश आमदार फुटले तरी पद टिकायचं, ती सवलत 2003 मध्ये काढली, दुसऱ्या पक्षात विलीन व्हायला दोन-तृतीयांश आमदारांची अट राहिली, तेव्हापासून माणसं गठ्ठ्यानेच फुटतात.

हेवा वाटतो तो पुढच्या पायरीचा. जॉन्सन संसदेशी खोटं बोलले का, हे तपासणाऱ्या समितीत सातपैकी चार जण त्यांच्याच पक्षाचे होते. संसदेच्या कामकाजाच्या दहा किंवा त्याहून जास्त दिवसांचं निलंबन झालं की मतदारसंघात सह्यांची मोहीम उघडते. सहा आठवड्यांत 10 टक्के मतदारांनी सही केली की पोटनिवडणूक. समितीचे निष्कर्ष हाती पडताच, 9 जून 2023 ला जॉन्सननी खासदारकी सोडायचं जाहीर केलं. आपल्याकडे अपात्रतेचा निकाल विधानसभाध्यक्षांनी दिला तो 10 जानेवारी 2024 ला. तोवर दीड वर्ष उलटलं होतं.

कॉमनवेल्थचा नागरिक म्हणून भारतीय पासपोर्टवरही मला इथे ब्रिटनमध्ये मत देता येतं. गावच्या यादीत नाव आहे, पण त्यासाठी केंद्रावर स्वतः उभं राहावं लागतं आणि ते जमत नाही. म्हणून ‘तू बोलू नकोस’ म्हणतात. जॉन्सन गेले तेव्हा बरं वाटलं, एवढंच. सुरत-गुवाहाटीच्या बातम्या बघताना मात्र झोप लागत नव्हती.