निकाल मोजू नका, रोजनामा वाचा

आज ठाणे जिल्ह्यातल्या एका दिवाणी कोर्टाच्या व्हरांड्यात कळव्याच्या एक आजी साडेदहापासून बसून होत्या. वय ७४. वडिलोपार्जित जागेच्या वाटपाचा दावा, २००९ चा. आज त्यांची उलटतपासणी व्हायची होती. साडेतीनला पुकारा झाला आणि समोरून मुदतीचा, म्हणजे तारीख पुढे ढकलण्याचा, अर्ज आला: वकीलसाहेब हायकोर्टात आहेत. अर्ज मंजूर, खर्चाचा हुकूमही नाही. आजींनी एवढंच विचारलं, "आज पण नाही का?"

मंडळी, दिवाणी प्रक्रिया संहिता उघडा. आदेश १७, नियम १. सुनावणीच्या टप्प्यावर एका पक्षकाराला तीनपेक्षा जास्त तहकुब्या नाहीत. वकील दुसऱ्या कोर्टात आहे हे तहकुबीचं कारण होऊ शकत नाही, असं तिथे स्पष्ट लिहिलंय. कायद्याने नाव घेऊन नाकारलेलं कारण आज दोन मिनिटांत मंजूर झालं!

यावर लक्ष कोणी ठेवायचं? हायकोर्टाने. संविधानाचं कलम २२७ देखरेखीचा अधिकार देतं, कलम २३५ नियंत्रणाचा. जिल्ह्यावर लक्ष ठेवणारे पालक न्यायमूर्ती असतात, तपासणी होते, दरमहा तक्ते जातात. पण तक्त्यात काय? दाखल किती, निकाली किती, शिल्लक किती. तडजोडीची पुरसिस (पक्षकारांचं लेखी निवेदन) आली की दावा एका दिवसात निकाली. आजींच्या दाव्यात ढीगभर कागद, डझनभर प्रतिवादी, मयतांचे वारस. आकडाच बघितला जाणार असेल तर असा दावा कोण हातात घेईल?

आणि तीन तहकुब्यांची मर्यादा सुरू होण्याआधीच दावे कुजतात. बेलिफाचा अहवाल येतो, "पत्त्यावर मिळून आले नाहीत". पुन्हा प्रोसेस फी, पुन्हा समन्स, मग दारावर चिकटवणं, मग वर्तमानपत्रात जाहीर समन्स. त्यानंतर कैफियत, म्हणजे प्रतिवादीचं लेखी उत्तर. मुदत ३० दिवस, फार तर ९०. पण साध्या दाव्यात ही मर्यादा बंधनकारक नाही, असं सुप्रीम कोर्टाने २००५ मध्येच म्हटलंय. व्यापारी दाव्यात मात्र १२० दिवस उलटले की कैफियतीचा हक्क संपला. ही तफावत मला कधीच पटली नाही. आजींच्या दाव्यात दोन प्रतिवादी वारले. ९० दिवसांत वारस रेकॉर्डवर आणायचे, नाहीतर त्यांच्यापुरता दावा रद्दबातल. आणले, की प्रत्येक वारसाला नव्याने समन्स.

२०२३ च्या ऑक्टोबरात सुप्रीम कोर्टाने, १९८२ साली सुरू झालेल्या एका दाव्यात, नेमकी हीच नस पकडली. पाच वर्षांवरच्या दाव्यांची माहिती प्रत्येक न्यायाधीशाने दरमहा प्रधान जिल्हा न्यायाधीशांना द्यायची, त्यांनी ती एकत्र करून हायकोर्टाच्या समितीकडे पाठवायची, समितीने दोन महिन्यांतून एकदा तरी बसायचं. चांगलंच आहे. पण समितीसमोर पुन्हा आकडेच ठेवले तर हाती काय लागणार? प्रत्येक कोर्टातले सगळ्यांत जुने दहा दावे घ्या, रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद, पहिल्या पानापासून वाचा, प्रत्येक तहकुबीपुढे कारण विचारा. ई-कोर्ट्सवर दाव्याचा १६ अंकी सीएनआर क्रमांक टाकला की घरबसल्या तारखा दिसतात, हायकोर्टाला का दिसू नयेत?

मान्य, खालचे न्यायाधीश मजेत बसलेले नसतात. बोर्ड (रोजच्या प्रकरणांची यादी) न संपणारा, स्टेनो नाही, दावा समजेपर्यंत बदली. हेही मान्य, की हायकोर्टांनी सरसकट "अमुक महिन्यांत निकाली काढा" म्हणू नये, असं सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २०२४ मध्ये सांगितलंय. आजच्या न्यायाधीशांचा आवाजसुद्धा अर्ज मंजूर करताना खाली गेला होता. राग त्यांच्यावर नाही.

राग याचा आहे, की निकाल लागला तरी आजींचं संपत नाही. आधी प्राथमिक हुकूमनामा, म्हणजे कोणाचा वाटा किती एवढंच ठरतं. शेतसारा भरणारी जमीन असेल तर त्याच संहितेच्या कलम ५४ खाली वाटपासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे, मोजणीला भूमी अभिलेखकडे. ताबा मिळाला नाही तर दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज. दरखास्त सहा महिन्यांत संपवा, हे सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये सांगितलं, २०२५ मध्ये पुन्हा सांगितलं आणि हायकोर्टांकडून हिशेब मागवला. देशभरात पावणेनऊ लाखांहून जास्त दरखास्ती पडून निघाल्या, सर्वांत जास्त आपल्या महाराष्ट्रात. जागा ज्याच्या ताब्यात आहे त्याला प्रत्येक तारीख फायद्याची, आणि ठाण्यात जागेचा भाव काय आहे ते तुम्हाला ठाऊक आहे.

आजींच्या मुलाला रोजनाम्याची प्रमाणित नक्कल काढायला सांगितलंय. प्रत्येक तहकुबी, कोणी मागितली, कारण काय, खर्च बसला का, असा तक्ता करायचा आणि वयाचा दाखला जोडून जलद सुनावणीचा अर्ज त्याच कोर्टात द्यायचा. पुढच्या मुदतीच्या अर्जाला तोंडी नाही, लेखी हरकत घ्यायची. तरीही हलत नसेल तर २२७ खाली हायकोर्ट. पुढची तारीख सहा आठवड्यांनी आहे. तुमच्यापैकी कोणाच्या घरात असा जुना दावा असेल तर आजच रोजनामा काढा आणि तहकुब्या मोजायला घ्या.