‘सायकलवरून कसलं स्मरण?’ : अ‍ॅमस्टरडॅमच्या लेखावरील प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. अ‍ॅमस्टरडॅममधल्या युद्धकाळातल्या ज्यू इतिहासाची सायकल टूर या लेखावर तुम्ही मनापासून आणि सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही सविस्तर देतो. तुमचे आक्षेप थोडक्यात असे. जिथून हजारो माणसांना मरणाकडे नेलं तिथे सायकलच्या घंट्या वाजवत फिरणं शोभत नाही. चार तासांत एवढी ठिकाणं म्हणजे नुसती उरकाउरकी. अ‍ॅन फ्रँकचं घर अगदी शेवटी, तेही बाहेरूनच. आणि दिवाळीच्या सुट्टीत सोबत येणाऱ्या तुमच्या आईला सायकल येत नाही, तिने काय करायचं?

पहिला आक्षेप सर्वांत गंभीर आहे आणि माझं मत त्याच्या अगदी उलट आहे. या शहरात सायकल ही इतिहासाबाहेरची गोष्ट नाहीच. मे १९४० मध्ये जर्मनीने नेदरलँड्स घेतला. पुढच्या वर्षी ज्यूंची सक्तीची नोंदणी झाली, मुलांच्या शाळा वेगळ्या झाल्या. मे १९४२ पासून कपड्यांवर पिवळा तारा आला. जून १९४२ मध्ये ज्यूंना सायकली जमा करायला लावल्या, ट्राममध्ये चढायला बंदी केली, रात्री आठनंतर घराबाहेर पडायला मनाई केली आणि बाजारहाट दुपारी तीन ते पाच एवढ्या वेळातच करायची असं ठरवून दिलं. हे सगळे नियम एकत्र वाचा. दोन तासांत पायी जाऊन येण्याइतकंच माणसाचं जग उरलं. उचलून नेणं सुरू झालं त्याच्या आधीच माणसांना जागच्या जागी खिळवून ठेवलं होतं.

५ जुलै १९४२ ला अ‍ॅन फ्रँकची थोरली बहीण मार्गो हिला जर्मनीत कामासाठी हजर होण्याची नोटीस आली. ती सोळा वर्षांची होती. दुसऱ्या दिवशी सकाळी पावसात हे कुटुंब मेरवेडेप्लाइनवरचं घर सोडून प्रिन्सेनग्राख्तवरच्या लपण्याच्या जागी, म्हणजे आजच्या अ‍ॅन फ्रँकच्या घरी, गेलं. अ‍ॅन आणि आईवडील अंगावर कपड्यांचे थर चढवून चालत गेले, कारण ज्यू माणूस सुटकेस घेऊन निघाला तर संशय आला असता. मार्गो मात्र कुटुंबाला लपायला मदत करणाऱ्या मीप गीस यांच्याबरोबर सायकलवर गेली. तिने आपली सायकल जमा केली नव्हती आणि त्या सकाळी तारा लावला नव्हता. पकडली गेली असती तर नुसती सायकल हेच कारण पुरलं असतं. दोन्ही पत्त्यांमधलं अंतर साधारण चार किलोमीटर आहे. ते टॅक्सीतून काहीच कळत नाही. सायकलवर एकेक चौक, एकेक पूल ओलांडताना कळतं की किती ठिकाणी कुणी अडवू शकलं असतं.

उरकाउरकीबद्दल. टूरचा पहिला भाग सायकलवर करायचाच नाही, हे लेखात आहे, पण इथे नीट फोडून सांगतो. जुन्या ज्यू वस्तीतली ठिकाणं जेमतेम एक किलोमीटरच्या परिसरात आहेत. योनास डॅनियल मायरप्लाइन या चौकाजवळच्या स्टँडवर सायकल लावायची आणि पुढचे दीड-दोन तास पायी. चांगला गाइड हेच करतो. टूर ठरवताना त्याला सरळ विचारा, ‘पहिल्या भागात किती वेळ खाली उतरून चालतो?’ उत्तर पाऊण तासाच्या आत आलं तर दुसरा गाइड शोधा.

या चौकात फेब्रुवारी १९४१ मध्ये चारशेहून अधिक ज्यू तरुणांना धरून गुडघ्यांवर बसवलं आणि पुढे बुखेनवाल्ड, माउटहाउझेन या नाझी छळछावण्यांत पाठवलं. त्यातले जवळजवळ सगळे मेले. याच्या निषेधात २५ फेब्रुवारीला शहराने संप केला. ट्राम थांबल्या, गोद्या थांबल्या. जर्मनांनी दोन दिवसांत तो मोडून काढला. चौकातला गोदी कामगाराचा पुतळा त्या संपाचा आहे, १९५२ चा. समोर १६७५ चं पोर्तुगीज सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ. मुख्य सभागृहात आजही वीज नाही, पितळी झुंबरांत मेणबत्त्या लावतात. हे शनिवारी पाहायला मिळत नाही. शनिवार हा ज्यूंचा विश्रांतीचा दिवस. कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंना ‘शनवार तेली’ म्हणत ते त्यामुळेच, शनिवारी त्यांचा घाणा बंद असे.

वेस्परस्ट्राटवर मारल्या गेलेल्यांच्या नावांचं स्मारक आहे, वास्तुरचनाकार डॅनियल लिबेस्किंड यांनी रचलेलं, सप्टेंबर २०२१ मध्ये खुलं झालेलं. १ लाख २ हजारांवर विटा, प्रत्येक विटेवर एक नाव, जन्मतारीख आणि मृत्यूवेळचं वय. नेदरलँड्समध्ये तेव्हा सुमारे १ लाख ४० हजार ज्यू होते, म्हणजे चारांतले तीन गेले. इथे लोकांचं एक चुकतं. ते भिंतींमधून एक फेरी मारतात, भारावतात आणि निघतात. त्याऐवजी आदल्या रात्री स्मारकाच्या संकेतस्थळावर एक नाव शोधून ठेवा, ते कोणत्या भागात आहे हे तिथे कळतं. विटा आडनावांच्या वर्णानुक्रमाने लावल्या आहेत. एकाच आडनावाच्या विटा ओळीने वाचत गेलात आणि वयं पाहिलीत, ६१, ३४, ३१, ५, २ अशी, की घर कसं रिकामं झालं ते वेगळं सांगावं लागत नाही. फुलांऐवजी छोटा खडा ठेवण्याची ज्यू रीत आहे, तीच पाळावी.

तिथून दोन मिनिटांवर न्यूवे काइझर्सग्राख्त. कालव्याच्या काठाच्या कठड्यात छोट्या पट्ट्या बसवल्या आहेत. समोरच्या घरात कोण राहत होतं, वय किती, कुठे आणि कधी मारलं गेलं. पलीकडे घर, पायाशी नाव. बहुतेक टूर हे गाळतात. तुम्ही गाळू नका.

आता प्लांटाज मिडनलान. माझ्या मते या संपूर्ण शहरात थांबायची जागा ही. २४ नंबरला होलांड्से स्हाउबुर्ग हे नाट्यगृह होतं. १९४२ च्या उन्हाळ्यापासून १९४३ च्या शेवटापर्यंत तिथे ज्यूंना गोळा करून ठेवत आणि मग वेस्टरबोर्कच्या छावणीला पाठवत, जिथून मरणछावण्यांकडे गाड्या सुटत. ४६ हजारांहून जास्त माणसं या एका दारातून गेली. आत गर्दी आणि आवाज इतका, की लहान मुलांना रस्त्यापलीकडच्या पाळणाघरात ठेवू लागले. पाळणाघराच्या प्रमुख हेन्रिएट पिमेंटेल, नाट्यगृहात कामावर असलेले वाल्टर झ्युसकिंड आणि पाळणाघराशेजारच्या अध्यापक विद्यालयाचे योहान फान हुल्स्ट यांनी मिळून सुमारे ६०० मुलं बाहेर काढली.

कशी, ते तिथे उभं राहून पाहा. नाट्यगृहाच्या दारात पहारेकरी, रस्त्याच्या मधून ट्रामचे रूळ, पलीकडे पाळणाघर. ट्राम मध्ये आली की पहारेकऱ्याला पलीकडचं दिसत नसे. तेवढ्या काही सेकंदांत मूल कडेवर घेऊन, पिशवीत किंवा टोपलीत घालून कुणीतरी बाहेर पडायचं आणि ट्रामच्याच आडोशाने निघून जायचं. काही मुलं मागच्या कुंपणावरून विद्यालयाच्या बागेत दिली जायची आणि तिथून बाहेर. पण मूल हलवून भागत नसे, नोंदवहीतला आकडाही जुळावा लागे. झ्युसकिंड आणि त्यांचे सहकारी मुलाचं कार्डच काढून टाकत. आणि त्याआधी आईबापांना विचारावं लागे. विद्यालयाच्या इमारतीत मार्च २०२४ पासून राष्ट्रीय होलोकॉस्ट संग्रहालय आहे. १४ नंबरची ट्राम आजही या रस्त्याने जाते. नाट्यगृहाच्या बाजूला उभे राहा आणि एक ट्राम जाऊ द्या. समोरचं दार किती वेळ झाकलं जातं ते मोजा. पिमेंटेल सप्टेंबर १९४३ मध्ये आउशवित्झला मारल्या गेल्या, झ्युसकिंड १९४५ मध्ये मरण पावले.

कोपऱ्यावर वळलं की प्लांटाज केर्कलान ३६. इथे लोकसंख्या नोंदणीचं कार्यालय होतं. खोटी ओळखपत्रं पकडली जात ती इथल्या मूळ कार्डांशी ताडून. २७ मार्च १९४३ च्या रात्री पोलिसांचे गणवेश घातलेल्या डच प्रतिकारकांच्या गटाने पहारेकऱ्यांना गुंगीचं औषध टोचलं आणि इमारतीला आग लावली. अग्निशमन दलाने मुद्दाम भरपूर पाणी मारलं, म्हणजे न जळलेले कागद भिजून जावेत. तरी सगळ्या नोंदी नष्ट झाल्या नाहीत. या गटातल्या १२ जणांना १ जुलैला जर्मनांनी गोळ्या घातल्या, त्यात विलेम अरोंडेउस हे चित्रकार होते.

इथून पुढे सायकल हवीच. मुइडरपोर्ट स्टेशन दोन किलोमीटरच्या आत. इथून सुमारे ११ हजार ज्यूंना गाडीत बसवलं. नाट्यगृहातून स्टेशनांपर्यंत लोकांना नेलं ते शहराच्या नेहमीच्या ट्रामने, आणि ट्राम कंपनीने त्याचं बिल जर्मनांकडून वसूल केलं. स्टेशनवरून साडेतीन किलोमीटरवर मेरवेडेप्लाइन, तिथून चार किलोमीटर प्रिन्सेनग्राख्त. सगळं मिळून दहा-अकरा किलोमीटर, सपाट. घर, नाट्यगृह, स्टेशन यांतलं अंतर चाकाखालून गेलं की लक्षात येतं की हे शहराच्या एखाद्या कोपऱ्यात घडलं नाही, भर वस्तीतून घडलं.

आता सायकलविषयी, कारण आपल्याकडच्या लोकांचं हमखास चुकतं ते सांगायलाच हवं. भाड्याच्या पुष्कळ सायकलींना हाताचा ब्रेक नसतो, पेडल उलटं दाबलं की ब्रेक लागतो. त्यामुळे थांबल्यावर पेडल मागे फिरवून सोयीच्या जागी आणता येत नाही. थांबता थांबताच उजवं पेडल वर ठेवा, नाहीतर सिग्नलला निघताना अडखळता आणि मागचा धडकतो. सीट उंच असते. बसल्यावर दोन्ही पायांचे चवडे टेकतील अशी ती खाली करून घ्या. ट्रामचे रूळ शक्य तितके काटकोनात ओलांडा, तिरके गेलात तर चाक फटीत अडकतं, पावसात तर नक्कीच. वाहतूक उजवीकडून चालते, म्हणून डावीकडे वळताना आपली नजर सवयीने भलत्याच बाजूला जाते. रस्त्यावर पांढरे त्रिकोण तुमच्याकडे टोक करून असतील तर आडव्या रहदारीला आधी जाऊ द्यायचं. चिन्ह नसेल तिथे उजवीकडून येणाऱ्याला आधी जाऊ द्यायचं. मोबाइल हातात धरून सायकल चालवली तर दंड आहे. आणि गाइडचं ऐकायला लाल सायकल मार्गावरच घोळका करू नका. तिथे मागून वाजणाऱ्या घंटा तुमच्यासाठी असतात, आणि लोक रागावतात ते योग्यच आहे. दहापेक्षा मोठ्या गटात हे टळतच नाही, म्हणून मोठा गट नको.

अ‍ॅन फ्रँकचं घर शेवटी ठेवलं आहे ते मुद्दाम. ते आधी पाहिलं की बाकीचं शहर त्याची तळटीप होऊन बसतं. मेरवेडेप्लाइनवरून सायकलने तिथे पोचलात तर घराचा अर्थ वेगळा लागतो. कुठलीही सायकल टूर तुम्हाला आत नेऊ शकत नाही, कारण तिकीट फक्त संग्रहालयाच्या संकेतस्थळावर, ठराविक वेळेचं मिळतं. दर मंगळवारी सहा आठवड्यांनंतरच्या आठवड्याची तिकिटं खुली होतात आणि भराभर संपतात.

तुमच्या आईसाठी: पहिला भाग पायीच असल्याने त्यांना त्यात पूर्ण सहभागी होता येईल, आणि माझ्या मते सर्वांत मोलाचा भाग तोच आहे. पुढच्या भागासाठी समोर माणूस बसवायची पेटी असलेली सायकल मिळते, पण ती मुलांसाठी बरी, मोठ्यांना अवघडायला होतं. त्यांनी होलोकॉस्ट संग्रहालयात थांबावं, तुम्ही स्टेशन आणि मेरवेडेप्लाइन करून या, आणि घराच्या तिकिटाच्या वेळी त्यांना ट्रामने प्रिन्सेनग्राख्तला घेऊन जा. ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी तिथली घड्याळं एक तास मागे जातात आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला संध्याकाळी पाच-सव्वापाचलाच सूर्य मावळतो. त्यामुळे टूर सकाळी दहाची घ्या, शनिवार टाळा, आणि सायकल ताब्यात घेतानाच पुढचा पांढरा व मागचा लाल दिवा लागतो का ते पाहून घ्या. विमानाची तारीख ठरली असेल तर सहा आठवडे मागे मोजून तो मंगळवार आजच कॅलेंडरवर लिहून ठेवा.