खड्ड्याचं गोत्र काय?

सोलापुरात विजापूर रोडवर खड्डा पडला की आधी त्याचं गोत्र विचारायचं. एका कचेरीत सांगतात, "हायवे आहे, आमच्याकडं येत नाही." दुसऱ्या कचेरीत, "शहरातला तुकडा आमचा नाही ओ!" मग कुणाचा बे? ग्रामदैवत सिद्धरामेश्वराचा?

बरं, रस्ता काही लेचापेचा नाही. पूर्वीचा राष्ट्रीय महामार्ग १३ सोलापुरातून निघून थेट मंगळूरच्या समुद्राला भिडायचा. २०१० साली दिल्लीत बसून सगळे क्रमांक बदलले. १३ जाऊन ५२ आला, धुळ्याकडचा जुना २११ही त्यातच मिसळला. आता हा म्हणे पंजाबातल्या संगरूरपासून कर्नाटकातल्या अंकोल्यापर्यंत जातो. पुणे-हैदराबादचा ९ होता त्याचाही ६५ झाला. क्रमांक बदलायला कसा सगळ्यांना हक्क पोचतो! खडी टाकायची म्हटली की मात्र हद्दीचा नकाशा निघतो.

याच रस्त्यावरच्या सैफुलपर्यंत दुचाकीवर जाऊन या, कण्याचे मणके मोजून मिळतील. सिद्धरामेश्वराची गड्ड्याची जत्रा जवळ आली की कुठंतरी डांबर शिंपडतात. ते वाळतंय तोवर पाइपलाइनसाठी पुन्हा खणतात. (नळाला पाणी रोज येत नाही, पाइप मात्र बारमाही.) खणून झालं की मुरूम लोटायचा आणि निघायचं. एक पाऊस पडला की मुरमाचा चिखल, ऊन पडलं की धूळ; रसवंतीवाला आपला ग्लास झाकत बसतो.

पुढचा अर्ज मी संगरूरलाच पाठवणार आहे. रस्त्यानं घरंगळत येईल कधीतरी सोलापूरला.