‘तेहानू’ने अर्थसीची माती केली का? – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन यांच्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत, त्याबद्दल आधी आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : १९६८ ते १९७४ या काळात बाईंनी लिहिलं तेच अस्सल, पुढे विचारसरणीने गोष्ट गिळली. ‘अर्थसी’ या बेटांच्या काल्पनिक जगावरच्या कादंबरीमालिकेतल्या ‘तेहानू’त स्वतःच्याच महाजादूगाराला, गेडला, शेळ्या राखायला बसवून त्यांनी अर्थसीची माती केली, आणि मी हे सगळं भक्तिभावाने झाकलं.

झाकलं नाही, पण घाईत उरकलं हे खरं. १९९० सालच्या त्या पुस्तकाला मी दोन ओळी दिल्या होत्या. म्हणून आज नीट लिहिते.

आधी गेडच्या शेळ्या. तो गाँट बेटावरचा शेळ्या राखणारा पोरच होता. पहिल्या पुस्तकात त्याच्या तोंडून निघालेला पहिला मंत्रही शेळ्या बोलावण्याचाच, मावशीचं ऐकून उचललेला. आणि त्याची शक्ती ‘तेहानू’ने हिरावून घेतली नाही. ती १९७२च्या ‘द फार्देस्ट शोअर’ या तिसऱ्या पुस्तकात जाते, जे पुस्तक तुम्हाला सगळ्यांत जास्त आवडतं. ड्रॅगनच्या पाठीवरून तो निघून जातो आणि आपण पुस्तक मिटतो. अठरा वर्षांनी बाईंनी विचारलं, की मग तो उतरला कुठे? सगळं गमावलेला माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी उठून काय करतो? मला हा प्रश्न त्या मालिकेतल्या कुठल्याही लढाईपेक्षा मोठा वाटतो.

आता विचारसरणी. ती बाहेरून आणून चिकटवली, असं तुम्ही म्हणता. पण पहिल्याच पुस्तकाच्या सुरुवातीला गाँटवरच्या दोन म्हणी आहेत : बायकांची जादू दुबळी असते, आणि बायकांची जादू दुष्ट असते. रोक बेटावरच्या जादूच्या विद्यालयात फक्त मुलगे. १९६८मध्ये हे कुणालाच खटकत नाही, खुद्द लेखिकेलाही नाही. ठिणगी तिथेच पडलेली होती, तिच्याकडे वळून पाहायला वेळ लागला. वीरकथेची परंपरा पुरुषांची होती आणि सुरुवातीची पुस्तकं आपण त्याच परंपरेत राहून लिहिली, हे त्यांनी १९९२च्या ऑक्सफर्डमधल्या व्याख्यानात मोकळेपणाने मांडलं.

ही त्यांची सवयच होती. ‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’ (१९६९) या विज्ञानकादंबरीतल्या ग्रहावरची माणसं महिन्यातले थोडे दिवस सोडले तर ना स्त्री, ना पुरुष. तरी कादंबरीभर त्यांच्यासाठी ‘तो’. टीका झाली. १९७६च्या निबंधात बाईंनी स्वतःची बाजू लढवली. पुढे १९८७मध्ये तोच निबंध पुन्हा हाती घेतला, जुना मजकूर न पुसता त्याच्या जोडीने आपली बदललेली मतं लिहिली. त्याच ग्रहावरची एक कथा १९७५च्या संग्रहात घेताना तर ‘तो’चा ‘ती’ केला, आणि ‘राजा’ मात्र राजाच ठेवला. (मराठीत क्रियापदही लिंग सांगतं. अनुवादकाला पहिल्याच वाक्यात अडायला होईल.) हे मला ऱ्हासाचं लक्षण वाटत नाही. ह्यूगो, नेब्युला हे विज्ञानकथांचे मोठे पुरस्कार घरात आल्यावर ‘इथे माझं चुकलं’ असं छापून सांगणारे लेखक मला फारसे माहीत नाहीत.

आणि ‘तेहानू’त गोष्ट उरलीच नाही म्हणता? एक प्रसंग सांगते. तेनार, दुसऱ्या पुस्तकातली ती पुजारीण, आता शेतकऱ्याची विधवा आहे. पदरात एक भाजलेली पोर. दर्यावर गेलेला मुलगा घरी परततो, जेवतो आणि ताटली तशीच ठेवून उठतो. ती त्याला सांगते, आपली ताटली उचल. तो म्हणतो, ते बायकांचं काम. एका खरकट्या ताटलीवरून तिला कळतं, की मुलाला आपण काय शिकवलं नाही. हे वाचताना मी स्वयंपाकघरात उभी होते. ओट्यावर तीन खरकटी ताटं होती. पुस्तक उघडंच ठेवून मी घरातल्या दोघांना हाक मारली.

तुमचा एक मुद्दा मात्र पूर्ण मान्य. आस्पेन हा जादूगार फार सपाट आहे. त्याच्या द्वेषाला मागचापुढचा काही आधार नाही, आणि शेवटी ड्रॅगन येऊन सगळं निस्तरतो हेही घाईचं वाटतं. यावर मी वाद घालणार नाही.

पण ‘तेहानू’नंतर अर्थसी वाचायचं सोडलंत, याची हळहळ वाटते. तिसऱ्या पुस्तकातली ती दगडांची बुटकी भिंत आठवते ना? पलीकडे मेलेल्यांची कोरडी भूमी, जिथे एकमेकांवर जीव टाकलेली माणसं रस्त्यात समोरासमोर येऊनही ओळख देत नाहीत. २००१च्या ‘द अदर विंड’मध्ये बाई त्या भिंतीपाशी परत जातात. तिथे काय होतं ते मी इथे फोडत नाही. तिसरं पुस्तक ज्याला इतकं आवडतं, त्याने ते स्वतः वाचावं. पुस्तक मिळत नसेल तर ईमेल करा, माझी प्रत पाठवते.