एकतरी सिनेमा बघून लिहायचं होतं

ताईने काल भाचीच्या टॅबवरून नेटफ्लिक्स काढून टाकलं. कारण काय, तर फॅमिली ग्रुपवर फिरणारा फॉरवर्ड. हायस्कूलच्या प्रेमकथा मुलांना पॉप्युलर व्हायची हाव लावतात, खोटी नाती जुळवायला शिकवतात, समलिंगी बनवतात, आणि हे सगळं ओटीटीवाल्यांचं नवं कारस्थान आहे, असा एकूण सूर. ताईशी फोनवर डोकं आपटून झालं, आता लिहूनच टाकतो.

पहिला मुद्दा, हाव. 1987 चा 'कान्ट बाय मी लव्ह' घ्या. रोनाल्ड लोकांच्या अंगणातलं गवत कापून दुर्बिणीसाठी पैसे साठवत असतो. त्यातले 1000 डॉलर तो सिंडी नावाच्या चीअरलीडरला देतो, महिनाभर माझी गर्लफ्रेंड असल्याचं दाखव म्हणून. होतो पॉप्युलर. मग शाळेच्या डान्सला हा पठ्ठ्या टीव्हीवर भलताच कार्यक्रम बघून शिकलेला, मुंगीखाऊचा कसलासा विधिनृत्य नाचतो. पोरं आधी बावचळतात, मग सगळी त्याचीच नक्कल करायला लागतात! पॉप्युलॅरिटीची याहून जास्त टर कशी उडवायची? शेवटी बिंग फुटतं आणि गडी ना इकडचा राहतो ना तिकडचा.

बरं, सिनेमा सोडा. व्हर्जिनिया विद्यापीठाच्या जोसेफ अॅलन आणि सहकाऱ्यांनी 184 मुलांचा वयाच्या 13 पासून 23 पर्यंत मागोवा घेतला. 2014 मध्ये 'चाइल्ड डेव्हलपमेंट'मध्ये ते छापून आलं. तेराव्या वर्षी 'कूल' दिसायला धडपडणारी, म्हणजे लवकर प्रेमप्रकरणं, किरकोळ उचापती, दिसायला देखण्यांचीच संगत असलेली मुलं आधी भाव खाऊन गेली. विशीत मात्र दारू-नशेच्या आणि कायद्याच्या भानगडी त्यांच्याच वाट्याला जास्त आल्या. 'लवकर प्रेमप्रकरणं' वाचून ताई म्हणेल, बघ! अगं, पण त्यात सिनेमाला दोष कुठे दिलाय? उलट हे सिनेमे गेली कित्येक वर्षं तेच तर सांगतायत.

खोट्या नात्यांबद्दल थोडं मान्य करतो, नाइलाजाने. 1999 च्या 'टेन थिंग्ज आय हेट अबाउट यू'मध्ये नायक पैसे घेऊन मुलीच्या मागे लागतो आणि त्याच पैशांतली गिटार दिली की ती विरघळते. माफी इतकी स्वस्त नसावी. चष्मा काढला की मुलगी सुंदर, हा प्रकारही डोक्यात जातो.

पण 'समलिंगी बनवतात' हे वाचून खरंच सटकली. 'ईझी ए' (2010) मध्ये ब्रँडन गे आहे, पोरं त्याला छळतात. तो ऑलिव्हला गळ घालतो, पार्टीत माझ्याबरोबर झोपल्याचं नाटक कर. दोघं दार लावून पलंगावर उड्या मारतात, आवाज काढतात, बाहेर पोरं दाराला कान लावून. बाहेर आल्यावर ब्रँडनच्या पाठीवर थापा, ऑलिव्ह मात्र बदनाम. 'डेटिंग अंबर'मध्ये तर 1995 च्या आयर्लंडमधले दोघंही समलिंगी, वर्गाचा त्रास थांबावा म्हणून जोडपं असल्याचं भासवतात. म्हणजे नाटक कशाचं चाललंय? मुलगा-मुलगीतल्या प्रेमाचं! फॉरवर्डवाल्याने गाडी उलटी जुंपलीय.

शेवटी सल्ला काय, तर 'फोन तपासा, मित्र तोडा, वेळीच उपचार करा.' कशावर उपचार? जागतिक आरोग्य संघटनेने 1990 मध्येच समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली. हाच फॉरवर्ड ग्रुपमधल्या एखाद्या मुलाने वाचला आणि तो स्वतःच घाबरून गप्प असला, तर तो काय करेल? उद्यापासून अजून सफाईने नाटक करेल. तेही घरातच, आपल्यासमोर.

राहिलं 'नवं कारस्थान'. 2006 चा 'शी इज द मॅन', ज्यात मुलगी भाऊ बनून शाळेत जाते, शेक्सपिअरच्या 'ट्वेल्फ्थ नाइट'वर बेतलाय. ते नाटक चारशे वर्षांपूर्वीचं. तेव्हा कुठलं ओटीटी होतं, एवढं कुणीतरी ग्रुपवर विचारा. माझं नाव घेतलं तरी चालेल.