कॅसरोलला पाणी का सुटलं? : एका प्रतिक्रियेला उत्तर

ताई,

मी दिलेल्या झुकिनी कॅसरोलबद्दल (झुकिनी ही काकडीसारखी दिसणारी फळभाजी; तिच्या चकत्या चक्का, अंडं आणि चीज घालून ओव्हनमध्ये भाजायच्या, तो हा पदार्थ) कोपरखैरण्याहून तुम्ही लिहिलंत : "झुकिनी किसली, सगळं कालवून ओव्हनमध्ये ठेवलं. पाऊण तासाने बघते तर वर लगदा, खाली पाणी. चक्का नव्हता म्हणून दही घातलं, अंडं आम्ही खात नाही. एवढा खटाटोप कशाला? त्यापेक्षा दुधीची चणाडाळ घातलेली भाजी काय वाईट? ओव्हन-बिव्हन म्हणजे नुसती हौस."

भाजी वाईट नाहीच, आमच्याकडेही सारखी होते. पण कॅसरोल बिघडल्याचं खापर पाककृतीवर नको. तिच्यातलं तुम्ही ठेवलंत तरी काय?

झुकिनीत साधारण ९५ टक्के पाणी. किसली की ते मोकळंच होतं. त्यात खोलगट भांडं, जाड थर, वर चीज; वाफेने जायचं कुठून? म्हणून पाणी ओव्हनच्या आधीच काढायचं. पाव इंच जाडीच्या चकत्या, अर्ध्या किलोला एक चहाचा चमचा मीठ, अर्धा तास चाळणीत, असं मी लिहिलं होतं. कोशिंबिरीसाठी काकडी कोचवून, मीठ लावून पिळता ना, त्यातलाच प्रकार. चाळणीखालच्या ताटलीत हिरवट पाणी साचतं आणि चकत्या इतक्या लवचिक होतात की दुमडल्या तरी मोडत नाहीत. मग स्वच्छ पंच्यात घेऊन दाबायच्या. पुढे कांद्याबरोबर पसरट कढईत, मोठ्या आचेवर, झाकण अजिबात न ठेवता परतायच्या. पाणी आहे तोवर कढई रटरटते, आटलं की चरचरायला लागते. तो आवाज आला की गॅस बंद. मीठ पुन्हा घालू नका. चीज आणि वरचा मोनॅको बिस्किटांचा चुरा दोन्ही खारट असतात.

आता दही. दह्यात निवळ असते, चक्क्यातली टांगून काढलेली असते. म्हणजे पिळायचं तर राहिलंच, वर तुम्ही आणखी पाणी ओतलंत. अंडं नको तर नको, पण त्याचं काम कुणीतरी करायला हवं. दोन मोठे चमचे बेसन कोरडंच खमंग भाजून घ्या, चक्क्यात गुठळी न होता कालवा. अंड्यासारखं हलकं होणार नाही, पण वडी धरेल. अंडं घालणाऱ्यांनी १८० अंशांवर २५-३० मिनिटांच्या पुढे जाऊ नये. जास्त तापलं की अंडं आवळतं आणि स्वतःच पाणी सोडतं. बाहेर काढल्यावर दहा-पंधरा मिनिटं सुरी लावायची नाही. घरात सगळे ताटं घेऊन बसलेले असले तरी.

हौस म्हणाल तर आहेच. पण काकडीवर्गातली फळं भाजून खाणं काही परकं नाही. कोकणातलं धोंडस आठवा : तवसं, म्हणजे मोठी काकडी, किसायचं, त्याच्याच रसात रवा आणि गूळ भिजवायचा, खाली निखारे आणि झाकणावरही निखारे. तिथे पाणी काढत नाहीत, कारण ते प्यायला रवा असतो. कॅसरोलमध्ये पाणी पिणारं काही नाही. मूळ पदार्थ अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांतला. तिकडे पिवळं, वाकड्या मानेचं स्क्वॉश, चेडर आणि वर खारट बिस्किटांचा चुरा. पण पाण्याची कटकट तिकडेही हीच.

कॅसरोल दुधीचंही होतं, आणि इंग्लिश भाजीचा भाव ऐकून जांभळी नाक्यावरून मीही कधी कधी दुधीच घेऊन येते. कोवळा घ्या, नख सहज रुतेल असा. साल आणि जून बिया काढा. झुकिनीपेक्षा जास्त परतावा लागतो, नाहीतर दाताखाली कचकच येते. कापल्यावर एक कच्चा तुकडा जिभेला लावून बघा. कडू लागला तर लगेच थुंका आणि अख्खा दुधी टाकून द्या, कितीही जीव हळहळला तरी. तो कडवटपणा विषारी असतो, शिजवून जात नाही. झुकिनीलाही हाच नियम.

मिरपुडीऐवजी हिरवी मिरची घातलीत ते मात्र मला आवडलं, मीही घालून बघणार आहे. आणि उरलेलं मायक्रोवेव्हमध्ये गरम करू नका, पुन्हा ओलं होतं. तव्यावर थेंबभर तेल सोडून वडी दोन्ही बाजूंनी खरपूस करा आणि पोळीत गुंडाळून डब्यात द्या.