हॉल तिकीट अडवण्याआधी मस्टर दाखवा

परीक्षा तोंडावर आली की हायकोर्टाच्या बोर्डावर, म्हणजे रोजच्या सुनावणीच्या यादीत, एक प्रकरण हमखास दिसतं. हजेरी कमी म्हणून कॉलेजने हॉल तिकीट अडवलेलं, पेपर सोमवारी आणि याचिका शुक्रवारी दुपारी मेन्शन झालेली, म्हणजे तातडीने ऐका अशी कोर्टाला विनंती केलेली. त्यावर लोकांची कमेंटही ठरलेली: "वर्षभर हुंदडले, आता चालले कोर्टात." काही जण खरंच हुंदडलेले असतात, नाही कोण म्हणतं? तरी माझा राग मुलांपेक्षा कॉलेजच्या ऑफिसवर जास्त आहे.

हजेरीचा आकडा काही परीक्षेच्या आदल्या आठवड्यात तयार होत नाही. वकिली आणि लॉच्या शिक्षणाचे नियम ठरवणाऱ्या बार कौन्सिलच्या २००८ च्या नियमांनुसार लॉच्या विद्यार्थ्याला प्रत्येक विषयात ७० टक्के हजेरी लागते. अपवाद म्हणून प्राचार्य ६५ पर्यंत खाली येऊ शकतात, पण तेव्हाही सगळे विषय मिळून ७० भरावे लागतात. म्हणजे हिशेब दर महिन्याला मांडता येतो. तो मांडत नाहीत. फी वेळेवर घेतात, सबमिशन घेतात आणि शेवटी एक दिवस कॉलेजच्या नोटीस बोर्डावर हजेरी कमी असलेल्यांची डिफॉल्टर लिस्ट लागते. सही प्राचार्यांची, तारीख परवाची. मग मेडिकल सर्टिफिकेटं गोळा करायची धावपळ सुरू. (ती कशी मिळतात ते आपण सगळेच जाणतो, सोडा.)

सुप्रीम कोर्टाने हे १९७५ मध्येच सांगून ठेवलंय. कुरुक्षेत्र विद्यापीठाने एका लॉच्या विद्यार्थ्याला परीक्षेला बसू दिलं आणि नंतर हजेरी कमी होती म्हणून उमेदवारीच रद्द केली. कोर्टाने विद्यापीठाला सुनावलं की फॉर्म तपासणं तुमचं काम होतं. मुलाने काही लपवलेलं नाही, तुम्ही त्याला बसू दिलंत, आता मागे फिरता येणार नाही.

अर्थात हे सगळीकडे लागू पडत नाही. मान्यताच नसलेल्या कॉलेजात प्रवेश घेतलेल्यांचं काय? आंध्रमधल्या एका मेडिकल कॉलेजच्या प्रकरणात १९८६ मध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट नकार दिला: विद्यापीठाला स्वतःचाच कायदा मोडायला आम्ही सांगू शकत नाही. मला ते पटतं. हजेरी थोडी कमी पडणं वेगळं आणि मुळात पात्रताच नसणं वेगळं.

सगळ्यात वाईट असतो तो हंगामी आदेश. "याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून परीक्षेला बसू द्यावे." घरी पेढे वाटले जातात, पण परीक्षेचा निकाल राखीव राहतो. पुढच्या सेमिस्टरची फी भरली जाते आणि मग कधीतरी याचिका फेटाळली जाते. तोवर गेलेलं वर्ष कोण परत देणार? असे आदेश सहानुभूतीपोटी देऊ नका, असं सुप्रीम कोर्टाने १९९३ मध्ये गुरू नानक देव विद्यापीठाच्या प्रकरणात चांगलंच खडसावलं होतं. तरी ते निघतातच. पेपर सोमवारी असताना शुक्रवारी संध्याकाळी न्यायाधीश तरी दुसरं काय करणार?

नोव्हेंबर २०२५ मध्ये दिल्ली हायकोर्टाने सांगितलं की हजेरी कमी म्हणून लॉच्या विद्यार्थ्याला परीक्षेपासून रोखायचं नाही. या प्रकरणाच्या मुळाशी २०१६ मधली एका विद्यार्थ्याची आत्महत्या होती. परीक्षेची बंदी सरसकट काढून टाकणं मला मान्य नाही, कारण मग वर्ग ओस पडतील. पण त्याच निकालात हजेरी दर आठवड्याला पोर्टलवर किंवा ॲपवर कळवा, पालकांना दर महिन्याला कळवा, कमी पडणाऱ्यांसाठी जादा तास घ्या, असंही म्हटलंय. खरं काम तिथे आहे. माझं तर म्हणणं आहे की ज्या कॉलेजने वेळेत लेखी कळवलं नाही, त्याला हॉल तिकीट अडवायचा अधिकारच नसावा. लॉच काय, कुठल्याही शाखेत.

तोवर मुलांनो, एवढं करा. सत्राच्या दुसऱ्याच महिन्यात विषयवार हजेरी मागणारा अर्ज ऑफिसात द्या आणि आपल्या प्रतीवर आवकचा शिक्का मारून घ्या. क्लार्क कुरकुर करेल, तरी घ्या. आजारी असाल तर सर्टिफिकेट त्याच आठवड्यात द्या, डिफॉल्टर लिस्ट लागल्यावर नव्हे. उद्या कोर्टात जायची वेळ आलीच, तर वकील पहिल्यांदा हेच कागद मागेल.